हसण्याची वही

आमच्या घरात एक वही आहे. जाड पुठ्ठ्याची, लाल कापडी पाठीची, सरकारी माणसाच्या घरात असते तशी. तिच्यात पट्टीनं आखलेले चार रकाने आहेत: तारीख, वेळ, किती सेकंद, कारण. पहिले तीन रकाने मी पाच वर्षं इमानेइतबारे भरले. चौथ्यात पानोपानी एकच शब्द आहे, ‘नाही’. केंद्र सरकारच्या नोकरीत वीस वर्षं काढलेला माणूस कागदात हयगय करत नाही. माणसात केली तर चालते, तिचं ऑडिट होत नाही.

वही माझ्या मुलीच्या हसण्याची आहे. ती आता अकरा वर्षांची आहे. जन्मल्यावर रडायला तिला उशीर झाला, तेवढ्या वेळात मेंदूला प्राणवायू कमी पडला, आणि सेरेब्रल पाल्सी हे दोन शब्द आमच्या घरात कायमचे राहायला आले. हात, पाय, मान, जीभ, यातलं काहीच तिच्या हुकमात नाही. हाताला पुढे जा म्हटलं की तो मागे जातो. आमच्या सेक्शनमधल्या लोकांबरोबर काम केलं असल्यामुळे मला यात फारसं नवल वाटलं नाही. डोळे मात्र तिचं ऐकतात. ‘हो’ म्हणायचं असलं की ती डोळे वर छताकडे नेते, ‘नाही’ असलं की घट्ट मिटते. एवढ्या दोन शब्दांवर तिचा सगळा कारभार चालतो.

ती तीन वर्षांची असताना एका स्पीच थेरपिस्ट बाईंनी आम्हाला समोर बसवून बजावलं, “घर में एक ही लैंग्वेज रखिए, नहीं तो बच्ची कन्फ्यूज़ हो जाएगी. दिल्ली में रहना है तो हिंदी.” आम्ही माना डोलावल्या. त्या काळात आम्ही कुणाहीपुढे मान डोलवायचो. फीच्या पावतीवर शिक्का असला की पुरे.

तेव्हापासून मुलीशी हिंदी. माझी हिंदी फायलींतून आलेली. मी तिला “बेटा, कृपया मुँह खोलिए” म्हणायचो, आणि दूध संपलं की “धन्यवाद”. बायकोची हिंदी भाजीवाल्याशी घासाघीस करून कमावलेली, त्यामुळे ती जरा जिवंत, पण व्याकरणाच्या नावानं शंख. “तुमको भूक लगा क्या?” असं ती विचारायची आणि मुलगी डोळे वर न्यायची. कन्फ्यूज़ कोण होत होतं, ते तेव्हाच कळायला हवं होतं.

मराठी उरली ती नवराबायकोपुरती. लोकांच्या घरी मुलांपासून काही लपवायचं असलं की आईबाप इंग्रजीत बोलतात. आम्ही मराठीत बोलायचो. शिवाय इतर मुलांना ‘जा, खाली खेळ’ म्हणून पिटाळता येतं. हिला पिटाळायचं तर आम्हालाच खुर्ची ढकलत न्यावी लागली असती. त्यामुळे ती खोलीच्या मधोमध, आणि तिच्या डोक्यावरून आमची मराठी इकडून तिकडे. तिचं दुखणं, तिचं शिक्षण, आमची भांडणं, नातेवाइकांची उणीदुणी, सगळं. द्वारकेतल्या दोन बेडरूमच्या फ्लॅटमध्ये एवढी मोकळीक फार थोड्यांना मिळते.

आणि पाहुण्यांसमोर तर मराठीसारखी सोय नव्हती. सेरेब्रल पाल्सीचं मूल घरात असलं की सल्ला द्यायला माणसं कुठून कुठून येतात. एकदा सातव्या मजल्यावरच्या भाभीजी शहामृगाच्या तेलाची बाटली घेऊन आल्या. आठवडाभर मालिश करा, म्हणाल्या, बच्ची दौड़ने लगेगी. मी हात जोडून “जी, बिल्कुल” म्हटलं, आणि तोच चेहरा तसाच ठेवून बायकोला मराठीत म्हणालो, “यांच्या नवऱ्याला लावून बघितलंय का विचार. सोफ्यावरून उठल्याचं गेल्या चार वर्षांत कुणी पाहिलेलं नाही.” बायकोनं पदर तोंडाला लावला. मुलगी मात्र खुर्चीत मागे कलंडून खदखदून हसली, लाळ गळेपर्यंत. भाभीजींचे डोळे भरून आले. “बेचारी, अपने आप हँसती है,” त्या म्हणाल्या, “मन की कितनी साफ़ है!”

ते ‘अपने आप’ हसणं आम्हालाही खटकायला लागलं होतं. लिफ्टमध्ये, बँकेत, दवाखान्यात, कुठेही ती एकाएकी हसायची. सोसायटीनं माझ्या आठ अर्जांनंतर एक रॅम्प बांधला, इतका उभा की व्हीलचेअर चढवण्यापेक्षा घसरगुंडी म्हणून तो जास्त कामाचा. सेक्रेटरीसाहेबांनी त्याच्या शेवटी कुंड्या मांडून मुलीसकट फोटो काढून घेतला. फोटोच्या वेळी मी बायकोला म्हणालो, “हस गं, आपलं उद्घाटन होतंय. खाली गेलो तर गमला सांभाळ, तो सोसायटीचा आहे.” फोटोत आम्ही दोघं गंभीर आहोत आणि मुलीचं हसू कॅमेऱ्यात मावत नाहीये.

मेंदूच्या डॉक्टरांना सांगितलं. ते म्हणाले, हसण्याचे झटके असतात, फिट्सचाच प्रकार. तपासणी केली. तारा लावलेल्या टोपीत मुलीला तासभर झोपवलं आणि रिपोर्ट नॉर्मल आला. आमच्या घरात आलेला पहिला नॉर्मल रिपोर्ट, आणि डॉक्टरांना नेमका तोच पसंत पडला नाही. “नोट करते जाइए,” ते म्हणाले. “कब, कितनी देर, कोई कारण था या नहीं.” सरकारी माणसाला असं सांगायची खोटी. घरी आल्या आल्या मी वही आखली.

पाच वर्षं मी नोंदी केल्या. जोक मी करायचो, घड्याळ मी बघायचो, सेकंद मी मोजायचो आणि ‘कारण: नाही’ हेही मीच लिहायचो. आता हे लिहिताना वाटतं, एवढा गाढवपणा करायला खास परीक्षा पास व्हावी लागते, आणि मी झालो होतो.

काही महिन्यांपूर्वी बायकोची पाठ गेली. अकरा वर्षं मुलीला पलंगावरून खुर्चीत, खुर्चीतून बाथरूममध्ये, बाथरूममधून पुन्हा पलंगावर ती उचलत आली होती. मी ऑफिसात असायचो. म्हणजे मी घरी असलो तरी कुठल्याशा फायलीत असायचो. पाठीच्या डॉक्टरांनी तिला कमरेचा रुंद पट्टा दिला आणि सांगितलं, पाच किलोच्या वर काही उचलायचं नाही. मुलगी सव्वीस किलोंची होती.

मग आमची मराठीत चर्चा सुरू झाली. मानेसरच्या पुढे एक निवासी केंद्र होतं, अशाच मुलांसाठी. सोमवार ते शनिवार तिथे, रविवारी घरी. आम्ही जाऊन बघून आलो. स्वच्छ होतं. भिंतीवर फुलपाखरं रंगवलेली होती, कारण ज्या मुलांना जागेवरून हलता येत नाही त्यांना फुलपाखरं दाखवायची असा काहीतरी नियम असावा. परत येताना बायको गाडीत कमरेचा पट्टा सारखा करत राहिली. मी अर्ज आणला होता.

त्यानंतर तीन आठवडे रोज जेवणाच्या टेबलावर तोच विषय. मुलगी टेबलाशी, गळ्याला लाळेरं बांधून, आणि आम्ही तिच्या दोन बाजूंना. बायको म्हणायची, “अजून दोन किलो वाढली ना, की माझ्याच्यानं होणारच नाही. मीच आडवी झाले तर हिला कोण बघणार?” मी म्हणायचो, “म्हणून तर म्हणतोय.” ती म्हणायची, “पण तिथं हिला करमेल का?” आणि एका संध्याकाळी, वरणाची वाटी पुढे ओढत, मी म्हणालो, “हिला काय, इथे असली काय, तिथे असली काय. हिला काय कळणार आहे?”

हे वाक्य मी कुठल्याही वहीत लिहिलेलं नाही. तरी ते मला तारीखवार पाठ आहे.

त्याच सुमारास मुलीचं हसणं थांबलं. वहीत एक दिवस कोरा, मग दोन, मग आख्खं पान. नेमक्या त्याच आठवड्यात मेंदूच्या डॉक्टरांनी नवं औषध सुरू केलं होतं. वही बघून ते खूश झाले. “देखा? झटके पूरे बंद!” त्यांनी माझ्या नोंदी शिकाऊ डॉक्टरांना दाखवल्या. रेकॉर्ड असं ठेवावं, म्हणाले. मी खरंच सुखावलो. वीस वर्षांत ऑफिसमध्ये माझ्या नोंदींचं कुणी कौतुक केलं नव्हतं.

औषधाचा एकच त्रास दिसत होता. मुलीची भूक मेली होती. चार घास झाले की ती ओठ मिटून घ्यायची. खीर केली, शिरा केला, बाहेरून तिचे आवडते मोमोज आणून बारीक करून दिले. चार घास, की तोंड बंद. तीन आठवड्यांत दीड किलो उतरलं. “साइड इफ़ेक्ट है,” डॉक्टर म्हणाले, “सेट हो जाएगा.” आम्ही मानेसरच्या अर्जावर तिचं नवं वजन लिहिलं.

अशा एका रविवारी माझी भाची आली. ती आमच्या परभणीकडची, कलेक्टर व्हायला दिल्लीत आलेली, करोल बागेत चार मुलींबरोबर एका खोलीत राहणारी. दर रविवारी मेट्रोनं द्वारकेला यायची, पोटभर जेवायची, चार डबे भरून न्यायची. मुलीशी हिंदीतच बोलायचं, हे तिलाही बजावलं होतं. पण तिची हिंदी माझ्या बायकोच्या हिंदीलाही लाजवणारी, म्हणून ती मुलीशी फारसं बोलतच नसे, नुसता तिचा हात हातात घेऊन बसायची.

त्या रविवारी पूर्वपरीक्षेचा निकाल लागलेला होता आणि तिचा नंबर त्यात नव्हता. आम्ही दोघं स्वयंपाकघरात होतो. ती बाहेर मुलीच्या खुर्चीशेजारी जमिनीवर बसली आणि मराठीत स्वतःशीच कढ काढायला लागली. कुणाला कळणार नाही अशा भरवशावर बोलायचं, ही आमच्या घराची रीतच होती. ती म्हणत होती, “आमचे क्लासवाले सर म्हणतात, अपयश ही यशाची पहिली पायरी. माझ्या एवढ्या पायऱ्या झाल्या की आता थेट कुतुबमिनारावर पोचेन. तिथून खाली ढकला म्हणावं.”

बाहेर कुणीतरी खदखदून हसलं. माझ्या हातातली सुरी तशीच राहिली. मी सवयीनं घड्याळ बघितलं आणि वही शोधायला लागलो. दोन मिनिटांत पुन्हा हसू. मग भाची स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभी राहिली.

“मामा, हिला मराठी कळतं की!”

“अगं, तो झटका असतो,” मी म्हणालो. “औषध चालू आहे. आज परत आला म्हणजे डोस वाढवावा लागेल.”

“झटका? मग तो विनोद संपल्यावरच कसा येतो?” ती म्हणाली. “मी मुद्दाम मध्ये मुघलांची वंशावळ सांगून बघितली. अजिबात हसली नाही.”

या मुलीला पूर्वपरीक्षेत नापास करणाऱ्यांचं मला आजही कौतुक वाटतं.

आम्ही तिघं बाहेर आलो. मुलगी खुर्चीत होती, आणि आमच्याकडे बघत नव्हती. भाची तिच्यासमोर मांडी घालून बसली. मला आणि बायकोला हिंदीतच प्रश्न सुचत होते, म्हणून बोलली भाचीच.

“तुला मराठी कळतं ना गं?”

डोळे वर, छताकडे.

“सगळं?”

डोळे वर.

“पहिल्यापासून?”

डोळे वर, आणि बराच वेळ तिथेच.

आठ वर्षांत तिच्या डोक्यावरून काय काय बोललो, ते एखाद्यानं जुनी फाइल टेबलावर उपडी करावी तसं समोर आलं. तिच्या आजीनं ‘हिला देवानं लवकर न्यावं’ म्हटलेलं. आम्ही दुसरं मूल होऊ द्यायचं नाही असं ठरवलं, ती रात्र. बायकोनं एकदा रागात विचारलेलं, हिच्या जागी दुसरी कुणी असती तर? मला लाज वाटली. इतकी लाज मला आयुष्यात कधी वाटली नव्हती, आणि ती लपवायला एकही भाषा शिल्लक नव्हती.

भाचीला यातलं काही माहीत नव्हतं. तिला एवढंच ठाऊक होतं की पोरगी जेवत नाही. ती विचारत राहिली. “जेवत का नाहीस? औषधानं मळमळतं?” डोळे मिटलेले. “पोट दुखतं?” मिटलेले. “मामीच्या हातचं आवडत नाही? खरं सांग, मी कुणाला सांगत नाही.” डोळे मिटले, पण ओठाच्या कोपऱ्यात थोडं हसू आलं. “भूक लागते?” डोळे वर. “भूक लागते आणि तरी खात नाहीस?” वर.

मग मुलीनं मान वळवायला सुरुवात केली. तिला मान वळवायची म्हणजे आधी खांदा जातो, मग हात भलतीकडे उडतो, मग कुठे मान. आम्ही थांबलो. तिची नजर तिच्या आईच्या कमरेवर येऊन थांबली, पट्ट्यावर. तिथून हलेना.

“मामीचा पट्टा?” भाचीला काही कळेना. “पट्ट्याचं काय?”

बायकोला कळलं. तिनं विचारलं, आणि आठ वर्षांत पहिल्यांदा तिनं मुलीला मराठीत विचारलं, “तू हलकी व्हायला बघत होतीस? मला उचलता यावं म्हणून?”

डोळे वर.

यावर माझ्याकडे तिरकस काही नाही. बायको तिच्या मांडीवर डोकं ठेवून रडली, मीही रडलो, आणि मुलीचा हात कधी आईच्या केसांत, कधी माझ्या कानफटात बसत राहिला. माझ्या बाबतीत तो चुकून बसत होता असं मी आजही खात्रीनं सांगू शकत नाही.

मी तिच्यासमोर जमिनीवर बसलो. माफी मागायची होती. आठ वर्षांत मराठीत मी तिच्याविषयी हजारो वाक्यं बोललो होतो, तिच्याशी एकही नाही. ‘तू’ हा शब्दच तोंडात अवघडला. “तू,” मी म्हणालो, “ते ऐकलंस. मी त्या दिवशी म्हणालो ते. हिला काय कळणार आहे, असं.”

डोळे वर. लगेच.

“मी चुकलो. कळत नव्हतं ते मला.”

ती नुसती बघत राहिली. याला ‘हो’ की ‘नाही’, ते तिनं सांगितलं नाही, आणि तिला तो अधिकार होता.

“मानेसरला जायचंय तुला?”

डोळे इतके घट्ट मिटले की नाकावर सुरकुत्या पडल्या. अकरा वर्षांच्या मुलीला तिच्याच राहण्याविषयी हा प्रश्न विचारायला तीन आठवडे, एक अर्ज, दोन डॉक्टर आणि परभणीची एक नापास भाची लागली होती. अर्ज मी फाडला वगैरे नाही. आमच्याकडे कागद फाडत नाहीत. मी त्याच्यावर ‘संबंधित व्यक्तीची संमती नाही’ असा शेरा मारला, खाली सही केली आणि तो तिच्याच फायलीत लावून टाकला.

जेवायची वेळ झाली होती. बायकोनं वरणभात कालवून आणला. पहिले चार घास गेले. पाचव्याला ओठ बंद. कळलं होतं, सांगून झालं होतं, रडून झालं होतं, तरी ओठ बंद. आईची पाठ काही आमच्या रडण्यानं बरी झाली नव्हती, हे तिला आमच्यापेक्षा चांगलं समजत होतं.

“खा गं राणी,” बायको म्हणाली. “नको असं करू.”

ओठ बंद.

मी खुर्ची पुढे ओढली. “हे बघ,” मी तिला म्हणालो, “उद्यापासून उचलायचं खातं माझ्याकडे. सकाळी मी, संध्याकाळी मी, मधल्या वेळेला बाई ठेवू. आईच्या पाठीची काळजी सोड आणि माझ्या पाठीची तर करूच नकोस. सरकारी नोकरीत वीस वर्षं झाली, आजवर एक काडी उचललेली नाही. पाठ अगदी कोरी आहे, प्लॅस्टिकसुद्धा काढलेलं नाही.”

तिनं हसू दाबून बघितलं. मग एकदम आख्खी खुर्ची हलवत हसली, तोंड पसरून, आणि बायकोनं तेवढ्यात पाचवा घास आत सरकवला. तो अर्धा माझ्या शर्टावर आला. सहावा तिनं स्वतःहून मागितला.

जेवण झाल्यावर मी वही काढली. तारीख लिहिली, वेळ लिहिली. सेकंद मोजायचे राहून गेले होते, तो रकाना कोरा सोडला. चौथ्या रकान्याशी पेन थांबलं. मग वही घेऊन मी तिच्याकडे गेलो.

“कारण काय लिहू? ताईचा विनोद?”

डोळे मिटले.

“आईचा वरणभात?”

मिटले. बायको म्हणाली, “आगाऊ आहे.”

“मग माझा?”

तिनं मला चांगलंच ताटकळत ठेवलं. तिला मान वळवायला लागतो त्याहून जास्त वेळ घेतला. मग डोळे वर नेले, छताकडे.